धाटावचा वाघ आणि सहा हत्ती

रोलर वाघाच्या कमरेपर्यंत आला होता. शेपूट, मागचे पाय आणि पोटावरचे चार-पाच पट्टे प्रायमरच्या पांढऱ्यात बुडाले होते. पुढचा अर्धा वाघ अजून शाबूत होता आणि रस्त्यावरच्या टँकरांकडे शांतपणे बघत होता. इतका शांत वाघ मी कुठल्याच भिंतीवर पाहिला नव्हता.

रोह्याहून कोलाडच्या रस्त्याला लागलं की थोड्याच वेळात धाटाव येतं. गाव जुनं आहे, पण बाहेरच्या माणसाला धाटाव म्हणजे एमआयडीसी. हवेत आंबट-तिखट वास, कंपन्यांची लांबच लांब कंपाउंडं, त्यांच्या मागे चिमण्या आणि त्यांच्याही मागे सह्याद्रीच्या हिरव्या सोंडा. बाजूने कुंडलिका वाहते. भिऱ्याच्या वीजघरातून सोडलेलं पाणी तिच्यात येतं, त्यावर वर कोलाडला लोक राफ्टिंग करतात. वाघ होता तो अशाच एका लांब भिंतीवर. त्याच्या एका बाजूला मोर आणि दुसऱ्या बाजूला हत्ती होता, आणि हत्तीवर आधीच पांढरा हात मारून झाला होता.

"तुम्हीच काढलेला का हो हा?" मी विचारलं.

"मीच," पेंटर रोलर न थांबवता म्हणाला. "तीन पावसाळे काढले त्यानं."

"डोळे वेगळेच आहेत."

आता त्याने रोलर बादलीत ठेवला. "पेणला होतो ना कारखान्यात. डोळ्यांच्या आखणीला. हात तसाच वळतो."

मग उलगडा झाला. वाघाला गणपतीचे डोळे होते. वरची पापणी लांब, बुबुळ किंचित खाली आणि कडेला बारीक लाल रेघ. पेणच्या कारखान्यांत आखणी हे सगळ्यात मानाचं काम. साचे, घासकाम, रंगकाम झालं की शेवटी आखणीवाला बसतो आणि त्याच्या दोन रेघांवर मूर्तीची किंमत ठरते. त्याच सकाळी दिवा-रोहा मेमूने येताना हमरापूर आणि पेणच्या बाजूला मी कारखान्यांच्या शेड पाहिल्या होत्या. गणपती जाऊन जेमतेम दीड महिना झाला होता, तरी पुढच्या वर्षीच्या कच्च्या मूर्ती रांगेने वाळत होत्या. डोळे नसलेले पांढरेशुभ्र गणपती आणि त्यांच्या पायाशी पांढरेशुभ्र उंदीर. दहा दिवसांसाठी वर्षभर खपणारी ही माणसं. आपलं काम पाण्यात जाणार हे त्यांना पहिल्या दिवसापासून ठाऊक असतं.

"भिंतीचं तसं नसतं," पेंटर म्हणाला. "गणपती कधी जाणार ते ठरलेलं असतं. हिचं काही सांगता येत नाही. परवा फोन आला, सगळं पांढरं करा. नवीन काढायचंय." मग अर्ध्या वाघाकडे बघत त्याने मला प्रश्न केला, "एक विचारू का? आपलं चित्र असं कुणी पुसलं, तर आपल्याला काही बोलता येतं का? म्हणजे कायद्यानं?"

मी म्हटलं, चार दिवसांनी याच रस्त्याने परत जायचंय, तेव्हा सांगतो.

मी आलो होतो खरा जंजिऱ्याच्या सहा हत्तींसाठी. रायगड जिल्ह्यात भिंतींवर, दगडांवर, दरवाज्यांवर जे प्राणी आहेत ते एका फेरीत पाहायचे, असा बेत होता. धाटावला मुक्काम एवढ्यासाठीच की माझा भाचा तिथल्या रंगद्रव्यांच्या एका कारखान्यात केमिस्ट आहे आणि त्याच्याकडे मोटरसायकल आहे. पण पहिलाच प्राणी धाटावच्या रस्त्यावर असा डोळ्यांदेखत पुसला जाताना दिसल्यावर बेताला वेगळंच वळण लागलं.

संध्याकाळी भाच्याला वाघाचं सांगितलं. तो म्हणाला, "मामा, मोर बघितलात का? त्याच्यावर दोन हात मारले तरी निळा खालून डोकावणार."

भिंती रंगवणाऱ्यांच्या डब्यात जे रंग असतात, त्यांतले कितीतरी जगात जिथे तयार होतात त्या ठिकाणांपैकी एक म्हणजे हेच धाटाव. १९५१ साली पुण्यात सुरू झालेल्या सुदर्शन केमिकलचा मोठा कारखाना इथे आहे. क्लॅरियंटचा इथला रंगद्रव्यांचा कारखाना जर्मनीच्या ह्यूबाख समूहाकडे गेला आणि मार्च २०२५ मध्ये सुदर्शनने तो समूहच विकत घेतला. म्हणजे कुठल्यातरी परदेशी शहरातल्या भिंतीवरच्या मोराची मान कुंडलिकेकाठच्या निळ्याने रंगलेली असू शकते.

तो निळा म्हणजे कॉपर थॅलोसायनिन. त्याची जन्मकथा भाच्याने जेवताना ऐकवली. १९२८ साली स्कॉटलंडमधल्या ग्रेंजमाउथच्या कारखान्यात एका भांड्याचं आतलं काचेचं अस्तर तडकलं. आतल्या मालाचा लोखंडाशी संबंध आला आणि पांढऱ्या मालात निळसर-हिरवी घाण दिसू लागली. ती फेकून देण्याऐवजी कुणीतरी तपासली. पुढे लोखंडाऐवजी तांबं घालून बघितलं, तर असा निळा मिळाला की जो उन्हाला, आम्लाला, चुन्याला, कशालाच दाद देत नाही. १९३५ मध्ये तो बाजारात आला. आज ट्रकच्या पाठीपासून शाळेच्या भिंतीपर्यंत दिसणारा गडद निळा बहुतेक हाच.

रंग उन्हात किती टिकतो हे मोजायला एक साधी पट्टी असते. निळ्या लोकरीचे आठ नमुने, पहिला लगेच विटणारा आणि आठवा जवळजवळ न विटणारा. रंग आणि पट्टी एकाच उजेडात ठेवायचे आणि रंग कुठल्या नमुन्याच्या जोडीने उडाला ते बघायचं. थॅलो निळा या पट्टीवर सात-आठला असतो. स्वस्तातले पिवळे आणि केशरी त्याच्या बरेच खाली. पेंटर पांढऱ्या रंगात स्टेनरच्या बाटलीतून पिवळा मिसळतो, म्हणजे तो आणखी पातळ होतो आणि पातळ रंग लवकर उडतो. त्यावर रायगड जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस. भिंतीत ओल धरते, आतले क्षार वर येऊन लोणा फुटतो, पोपडे सुटतात. म्हणून कोकणातल्या भिंतींवर वाघ आधी फिका पडतो आणि मोर राहतो. जुनी सिनेमाची पोस्टरं निळी पडतात ती याच कारणाने. निळा वाढलेला नसतो, पिवळा आणि लाल निघून गेलेले असतात.

"आणि वाघ टिकवायचा असेल तर?" मी विचारलं.

"पिवडी वापरायची. गेरू. लोखंडाचे ऑक्साइड. ते उन्हाला घाबरत नाहीत. झगझगीत दिसणार नाहीत, पण टिकतील."

दुसऱ्या दिवशी सकाळी घोसाळ्याकडे निघालो. वाटेत एका जिल्हा परिषदेच्या शाळेपाशी पाणी प्यायला थांबलो. शाळा नुकतीच दिवाळीच्या सुट्टीला बंद झाली होती आणि भिंती मात्र बोलत होत्या. 'बोलक्या भिंती' हा आपल्याकडचा सगळ्यात मोठा भित्तिचित्रांचा प्रकार म्हणावा लागेल. शिक्षकांनी वर्गणी काढून, कधी स्वतः ब्रश हातात घेऊन रंगवलेल्या या भिंती गावोगाव आहेत. बाराखडी, पाढे, सौरमाला, नकाशा आणि सगळीकडे प्राणी. 'स' सशाचा, 'ह' हत्तीचा, 'ब' बदकाचा. 'श'पाशी मी अडलो. शहामृग. चांगला उंच, गुलाबी मानेचा, कौलारू पडवीच्या कडेला उभा. रोहा तालुक्यातल्या किती पिढ्या 'श' शहामृगाचा म्हणत मोठ्या झाल्या असतील आणि त्यांतल्या किती जणांनी शहामृग पाहिला असेल! पलीकडच्या भिंतीवर जिराफ होता, झेब्रा होता. फाटकाजवळ फायबरचा पेंग्विन 'यूज मी' म्हणत तोंड वासून कचऱ्यासाठी उभा होता.

इथून मुरूडच्या वाटेवर फणसाडचं अभयारण्य आहे, १९८६ मध्ये घोषित झालेलं. तिथे शेकरू आहे. हा आपला राज्यप्राणी. लांब, तांबूस, झुपकेदार शेपटीची ही मोठी खार झाडावरून झाडावर उडी मारत जाते. 'श'ला ती चालली असती. पण तक्ते शहरांत छापले जातात आणि पेंटर तक्त्यावरून भिंतीवर उतरवतो. चौकटी आखायच्या, दोरीला नीळ लावून रेघा मारायच्या आणि छोट्या चौकटीतलं मोठ्या चौकटीत न्यायचं. तक्त्यात शेकरू नाही, तर भिंतीवर कुठून येणार? स्वच्छ सर्वेक्षण २०१६ पासून आणि 'माझी वसुंधरा' अभियान २०२० पासून सुरू झाल्यावर नगरपालिका-ग्रामपंचायतींच्या भिंतीही झपाट्याने रंगल्या. तिथेही सिंह, पांडा आणि पृथ्वीला मिठी मारणारा हत्ती. गुणांकन संपलं की पुढच्या वर्षी पुन्हा नवं.

न पाहिलेल्या प्राण्याचं चित्र काढण्यात मात्र कोकण फार जुनं आहे. घोसाळगडाच्या पायऱ्या चढून पडलेल्या दरवाज्यापाशी पोचलो, तर तिथे ते पडले होते. दगडात कोरलेले शरभ. तोंड सिंहाचं, अंग बळकट, पंजे रोखलेले, छाती फुगवलेली. शरभ हा पुराणकथांतला प्राणी, सिंहापेक्षा बलाढ्य. महाराष्ट्रातल्या किल्ल्यांच्या दरवाज्यांवर तो जागोजाग आहे, कधी एकटा, कधी पंजाखाली हत्ती दाबून धरलेला. आत येणाऱ्याला तो दोनच गोष्टी सांगतो. इथे कुणाची सत्ता आहे, आणि तू किती लहान आहेस.

दरवाजा कोसळला, कमान गेली, सत्ता गेली. शरभ गवतात पडून आहेत. भाच्याने एकाच्या आयाळीवरून बोट फिरवलं. कोरीव रेघा अजून बोटाला लागत होत्या. "याला फिकं पडायला रंगच नाही," तो म्हणाला. मला मात्र वाटलं, हे केवळ दगडामुळे टिकलेलं नाही. हा डोंगर पुढे कुणाला दुसऱ्या कामासाठी हवासा वाटला नाही, हेही तितकंच खरं. दक्षिणेला रत्नागिरी जिल्ह्याच्या सड्यांवर जांभ्यात कोरलेली कातळशिल्पं आहेत. कशेळीचा हत्ती तर सुमारे १८ मीटर लांब आणि १३ मीटर रुंद, आणि त्याच्या अंगात आणखी कितीतरी प्राणी कोरलेले. त्या चित्रांनी हजारो वर्षांचा पाऊस झेलला. २०२२ मध्ये ती युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत गेली. त्यांना आता भीती आहे ती चिऱ्याच्या खाणींची, रस्त्यांची आणि बांधकामांची. जमीन कुणाला तरी हवी झाली की दगडही सुटत नाही.

गडावरच्या सावलीत डबा उघडला आणि पेंटरच्या प्रश्नाचं उत्तर जुळवायला बसलो.

अमरनाथ सेहगल या शिल्पकाराने दिल्लीच्या विज्ञान भवनासाठी कांस्य धातूचं प्रचंड भित्तिशिल्प घडवलं होतं. १९५७ मध्ये काम हाती घेतलं, १९६२ मध्ये पुरं झालं. लांबी सुमारे १४० फूट. १९७९ मध्ये सरकारने ते उतरवून गोदामात टाकलं आणि त्या हलवाहलवीत त्याची मोडतोड झाली. सेहगल कोर्टात गेले. २१ फेब्रुवारी २००५ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने निकाल दिला की, कलाकृती विकली तरी तिच्याशी असलेलं निर्मात्याचं नातं संपत नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम ५७ मध्ये जो नैतिक हक्क आहे, त्यात कृतीचा नाश हा विद्रूपीकरणाचाच टोकाचा प्रकार धरला गेला. सेहगलांना ५ लाख रुपये भरपाई आणि शिल्पाचे अवशेष परत मिळाले. पण २०१९ मध्ये त्याच न्यायालयाने प्रगती मैदानातल्या 'हॉल ऑफ नेशन्स'च्या खटल्यात निकाल दिला, तेव्हा मात्र वास्तू पाडण्याचा मालकाचा हक्क वरचढ ठरला.

अमेरिकेत न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात 'फाइव्ह पॉइंट्झ' नावाची जुन्या कारखान्यांची इमारत भित्तिचित्रांनी भरून गेली होती. २०१३ च्या नोव्हेंबरात एका रात्रीत मालकाने ती पांढरी करून टाकली. २०१८ मध्ये कोर्टाने २१ चित्रकारांना मिळून ६७ लाख डॉलरहून अधिक भरपाई द्यायला लावली. तिथे १९९० पासून चित्रकारांच्या या हक्कासाठी स्वतंत्र कायदा आहे.

मुंबईची गोष्ट साधी. २००९ च्या ऑगस्टमध्ये शेकडो लोकांनी मिळून तुळशी पाइप रोडला लागून असलेली रेल्वेची लांब भिंत रंगवली. ज्याने त्याने आपापला तुकडा रंगवला, पालिकेची परवानगी होती. परवानगी नसेल तर १९९५ चा मालमत्ता विद्रुपीकरणाचा राज्य कायदा लागतो. म्हणजे तोच वाघ परवानगीने काढला तर सुशोभीकरण आणि बिनपरवानगी काढला तर गुन्हा.

लंडनमध्ये हा विनोद २०२४ च्या ऑगस्टमध्ये अगदी उघड झाला. बँक्सीने नऊ दिवसांत नऊ ठिकाणी प्राणी काढले. कड्यावर अडकलेली बोकडाची काळी आकृती, खिडक्यांतून सोंडा जोडणारे दोन हत्ती, पुलावर लटकणारी माकडं, डिश अँटेनावर तोंड वर करून ओरडणारा लांडगा. लांडग्याची डिश त्याच दिवशी चोरीला गेली. जाहिरातीच्या मोडक्या फलकावरची मांजर काही तासांत कामगारांनी उतरवली. गेंड्यावर कुणीतरी येऊन फराटे मारले. पोलिसांच्या चौकीवरचे मासे मात्र जपण्यासाठी हलवले गेले. चित्रकार एकच, रंग एकच. फरक पडला तो हाताशी कोण होतं आणि त्याला काय हवं होतं, एवढ्यानेच.

"म्हणजे पेंटरला सांगणार काय?" भाच्याने विचारलं.

"की हक्क आहे. पण कोर्टात सेहगलांना १९९२ मध्ये दावा लावून २००५ पर्यंत थांबावं लागलं."

तिसऱ्या दिवशी मांदाडजवळची कुडा लेणी. राजपुरीच्या खाडीच्या वर डोंगरात २६ लेणी आहेत, इसवी सनाच्या सुरुवातीच्या शतकांतली. खाडीतून व्यापार चालत असे आणि त्या व्यापाराच्या पैशावर ही कोरली गेली. सहाव्या लेण्याच्या दर्शनी बाजूला, दोन्ही टोकांना दगडातून पुढे आलेले हत्ती आहेत. झिजलेले, मोडलेले, पण हत्तीच. आत भिंतीवर उभी दांपत्यं, अंगावर भरघोस दागिने.

इथला शिलालेख मला फार आवडतो, कारण तो जवळजवळ बिलासारखा आहे. महाभोज घराण्याच्या पदरी असलेल्या शिवभूती या लेखकाच्या धाकट्या भावाने, शिवमाने, बायको विजयेसह हे लेणं दिलं. शिल्पकामाचा खर्च त्यांच्या मुलांनी केला आणि खांबांचा खर्च मुलींनी. नावं एकेक करून दिली आहेत. शेजारच्या लेण्यांत वैद्य आहे, माळी आहे. रस्त्याकडेच्या भिंतीवर खाली कोपऱ्यात 'सौजन्य' लिहितात ना, तेच हे, फक्त जवळजवळ दोन हजार वर्षं टिकलेलं. हत्ती कुणाच्या हाताने कोरला ते मात्र त्यात नाही. कोरणारा तेव्हाही सौजन्याच्या बाहेरच होता.

आणखी एक गोष्ट. काही शतकांनंतर दुसरे लोक आले आणि त्यांनी याच लेण्यात बुद्धाच्या मूर्ती कोरल्या. त्यांनी जुनी दांपत्यं तासून काढली नाहीत. मोकळी जागा शोधली आणि तिथे आपलं काम केलं. मला धाटावची भिंत आठवली. शंभर फुटांच्या भिंतीवर नवीन चित्राला जागा नव्हती, असं थोडंच होतं!

चौथ्या दिवशी मुरूड. राजपुरीच्या धक्क्यावरून शिडाच्या होडीने जंजिऱ्याला गेलो. होडी अगदी तटाजवळ जाईपर्यंत दरवाजा दिसत नाही. तो दिसतो आणि आत शिरताना ते शिल्प समोर येतं. एका हिंस्र श्वापदाने सहा हत्ती धरले आहेत. चार पंजांत चार, तोंडात एक आणि शेपटीच्या विळख्यात एक. त्याला कुणी वाघ म्हणतं, कुणी शरभ. गाईड एकेका हत्तीला एकेका सत्तेचं नाव देत होता आणि गर्दी मोबाइल वर करून मोजत होती. श्वापदाच्या मानाने हत्ती मांजराच्या पिल्लांएवढे आहेत. शेपटीतला हत्ती तर इतका गमतीदार दिसतो की, दरारा बसवण्यासाठी केलेलं शिल्प बघून लहान मुलं हसत होती. धाक गेला की शिल्प पोरांच्या हाती येतं. मला ते वाईट वाटलं नाही.

परतताना डोंगरातल्या आडरस्त्याने आलो. दिवस वसुबारसेचा होता. आपल्याकडे घरोघर गाय-वासराची पूजा होते, आणि डोंगरातल्या वाड्यांवर हीच वाघबारस. एका वळणावर चार-पाच माणसं आणि बरीच मुलं जमली होती. मोटरसायकल थांबवली. झाडाखाली हातभर उंचीचा दगड, त्याला नुकताच तेलात कालवलेला शेंदूर फासला होता. ओला, चमकणारा, इतका दाट की खालच्या कडेने ओघळत होता. पुढे नारळ, तांदूळ, झेंडूची फुलं.

"वाघोबा," एका आजीने सांगितलं.

मी जवळ जाऊन पाहिलं. वाघाचा कुठलाच आकार दिसत नव्हता. पट्टे नाहीत, तोंड नाही, डोळ्यांच्या जागी दोन फुगवटे.

"आजी, आत वाघ कोरलेला आहे का?"

"असेल," आजी म्हणाली. "आमच्या सासऱ्यांच्या आधीपासनं लावतात. कोण खरवडून बघणार?"

उत्तर कोकणात असे वाघोबा खूप आहेत. ठाणे, पालघर आणि मुंबई उपनगरांत संशोधकांनी दीडशेच्या आसपास ठाणी नोंदवली आणि तो अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. बिबट्याच्या शेजारी राहणाऱ्या माणसांनी त्याच्याशी केलेला हा करार. वर्षातून एकदा तुला मान देऊ, तू आमच्या गुराढोरांना आणि लेकरांना सांभाळ. दरवर्षी नवा शेंदूर जुन्यावर चढतो. २०२२ मध्ये वणीच्या सप्तशृंगी देवीच्या मूर्तीवरचा शेंदराचा लेप काढला, तेव्हा आतून वेगळंच कोरीव रूप समोर आलं. राखणीचीही किंमत असते. जपता जपता आकार बुजतो. पण वळणावरच्या त्या लाल गोळ्याला शेंबडं पोरही वाघच म्हणत होतं. आणि कुठल्याही ऊन-पावसाच्या पट्टीवर त्याचा रंग मोजण्याची गरज नव्हती, कारण पुढच्या वाघबारसेला तो पुन्हा लागणार होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी धाटावला पेंटर त्याच भिंतीपाशी होता. भिंत आता कोरी पांढरी. मोराच्या जागी, भाच्याने सांगितलं होतं तसा, अगदी पुसट निळसर ढग दिसत होता. पांढऱ्यावर निळीच्या दोरीने चौकटी मारून झाल्या होत्या आणि पेंटर खडूने कच्चं रेखाटत होता. डाव्या टोकाला घोषवाक्यासाठी जागा सोडली होती. मधे एका मोठ्या प्राण्याची पाठ, चार पाय आणि लांब शेपूट.

"काय काढताय?"

"वाघ."

"परत?"

"वन्यजीवांचं घोषवाक्य आहे. वाघ पाहिजे म्हणाले."

"मग जुना काय वाईट होता? पिवळा जरा फिका झाला होता एवढंच. वरून एक हात दिला असता तर..."

"मी तेच म्हणालो होतो." त्याने खडू कानावर ठेवला. "साहेब, डागडुजीचं बिल निघत नाही. नवीन कामाचं निघतं."

मग मी त्याला सेहगलांचं सांगितलं, फाइव्ह पॉइंट्झचं सांगितलं. त्याने शेवटपर्यंत नीट ऐकलं. "तेरा वर्षं?" म्हणाला आणि हसला. भाच्याने खिशातून चिठ्ठी काढून त्याला दिली. पिवडीसाठी कुठला ऑक्साइड मागायचा, ते त्याने लिहून आणलं होतं. पेंटरने चिठ्ठी वाचली, घडी करून डब्याच्या झाकणाखाली ठेवली.

"डोळे?" मी विचारलं.

"शेवटी," तो म्हणाला आणि शेपटीपासून सुरुवात केली.